पहिल्या पसंतीचा मान

मी नगरसेविका झाले ती एका नळासाठी. शाळेच्या नोकरीतून निवृत्त होऊन घरी बसले होते, आमचा प्रभाग महिलांसाठी राखीव झाला आणि वस्तीतल्या लोकांनी माझं नाव पुढं केलं. मी नको म्हणत होते. तेव्हा शेजारची आक्का म्हणाली, "बाई, तुमी जन्मभर पोरांवर वरडलासा, आता जरा त्या नगरपरिषदेवर वरडा की." प्रचाराला एवढं वाक्य पुरलं.

आमचं गाव सांगोल्याच्या बाजूचं, तालुक्याचं म्हणावं तर छोटं आणि खेडं म्हणावं तर दोन एटीएम असलेलं. आमची वस्ती माळावर. अर्धी घरं आम्हा बौद्धांची, अर्धी मेंढरं आणि शेरडं पाळणाऱ्यांची. गावाच्या टाकीपासून निघालेली पाण्याची पाइपलाइन डाळिंबाच्या एका मोठ्या बागेच्या बांधापर्यंत आली आणि तिथंच थांबली. पाइपाच्या तोंडाला प्लास्टिकची पिशवी बांधून ठेवली होती. बागेच्या एका अंगाला खडक, दुसऱ्या अंगाला हमरस्ता. म्हणजे पाणी यायचं तर बागेतूनच. आणि बाग होती आमच्या जुन्या जहागीरदारांची, घराण्याच्या थोरल्या आणि धाकट्या अशा दोन्ही पात्यांच्या सामाईक मालकीची. बागेत पाइप पुरायचा तर त्यांची संमती हवी आणि संमती मागायला आजवर कुणी धजावलं नव्हतं.

माणसांना टँकरचं पाणी मिळायचं. शेरडांना टँकरमधून काहीच मंजूर नव्हतं. आक्का विधवा, तिचं घर शेरडांवर चालायचं. माणसांच्या पाण्यातलं उरलंसुरलं ती त्यांना पाजायची, स्वतः अंघोळ टाळायची. आणि दर उन्हाळ्यात सांगोल्याच्या रविवारच्या बाजारात एखाददुसरं नेऊन विकायची. पुढचा उन्हाळा असाच गेला तर दावण रिकामी होणार, हे ती मला रोज ऐकवत असे. भांडत नसे, नुसती सांगे.

अशात निवडणूक लागली. साधी नव्हे, वरच्या सभागृहाची. तुम्हा-आम्हा सामान्य लोकांना तिथं मत नसतं. आमच्या मतदारसंघात मत असतं नगरसेवकांना, जिल्हा परिषदेच्या सदस्यांना आणि आमच्यासारख्या अजून काही भाग्यवंतांना. लोकांनी आम्हाला निवडायचं आणि आम्ही कुणाला तरी वर पाठवायचं. वरचं सभागृह कशासाठी, हे मी वर्गात शिकवलं होतं: खालच्या सभागृहाच्या घाईला लगाम घालायला, अनुभवी आणि विद्वान माणसांचा लाभ राज्याला व्हावा म्हणून. मुलं ते पाठ करून पैकीच्या पैकी गुण मिळवायची.

तर या विद्वत्तेच्या जागेसाठी एका आघाडीनं थोरल्या सरकारांना उभं केलं. दुसऱ्या आघाडीनं जिल्हाभर चाचपणी केली, बैठकांवर बैठका घेतल्या, वरून निरीक्षक आले, आणि त्यांनी धाकट्या सरकारांना उभं केलं. दोघे सख्खे चुलतभाऊ. म्हणजे आमच्यापुढं राजा आणि राजा असा पर्याय होता. एक अपक्षही होता. तो कोण होता हे मला मतपत्रिका हातात पडल्यावर कळलं, आणि नंतर मी ते विसरले.

बाहेरच्या माणसाला वाटेल, केवढं मोठं संस्थान असेल. संस्थान कसलं, सात-आठ गावांची जहागीर होती. तीही माझ्या आईच्या लग्नाआधीच गेलेली. पण आमच्याकडं जमीन गेली, वसूल गेला, शिपाई गेले तरी मान गेला नाही. मान ही अशी वस्तू आहे की तिच्यावर जमिनीसारखा कमाल मर्यादेचा कायदा लागत नाही. जत्रेत पहिला नारळ थोरल्या गादीचा, दुसरा धाकट्या गादीचा, मग इतरांचे. लग्नात पहिली अक्षता थोरल्यांची. हायस्कूलचा निकाल चांगला लागला की पेढ्यांचा पहिला डबा थोरल्यांच्या बंगल्यावर जायचा. मुलांनी अभ्यास केला, पेढे त्यांना का, असं मी मुख्याध्यापकांना विचारलं होतं. ते म्हणाले, "बाई, तुम्हाला यातलं कळायचं नाही." त्यांचं बरोबर होतं. मानाची रांग आमच्या वस्तीपर्यंत कधी आलीच नव्हती, त्यामुळं तिच्यात कुणाचा कितवा नंबर याचं ज्ञान आमच्याकडं नव्हतं.

धाकटे सरकार माझ्या घरी आले. माझ्या घरात राजा येण्याची ही पहिलीच वेळ. मी प्लास्टिकची खुर्ची पुढं केली, त्यांनी ती रुमालानं पुसली आणि बसले. मत त्यांनी मागितलं नाही. राजे मागत नसतात. त्यांच्याबरोबरच्या माणसानं मागितलं, आणि सरकार त्या वेळी छताच्या पत्र्याकडं बघत होते.

मी म्हटलं, "मत देईन. माझी अट एकच. बागेतून पाइप न्यायला संमती द्या."

धाकटे सरकार मला म्हणाले, "आमची ना नाहीच. आम्ही वर गेलो की थोरल्यांचीही सही आणतो. हा आमचा शब्द."

आक्का दारातच उभी होती. ती नंतर म्हणाली, "शब्द दिलाय म्हंजी पाणी आलं म्हणायचं." मलाही तसंच वाटलं. चिडखोर असले तरी मी भाबडी आहे, आणि हे दोन्ही गुण एका बाईत असले की तिला नगरसेविका व्हायला हरकत नसते.

मग आम्हाला उचललं. दुसरा शब्द नाही त्याला. धाकट्यांच्या आघाडीच्या सगळ्या मतदारांना बसमध्ये घालून उजनी धरणाच्या फुगवट्याकाठच्या एका रिसॉर्टवर नेलं, म्हणजे समोरच्यांनी पळवू नये. मोबाइल गोळा करून एका पिशवीत भरले. नगरसेविकांबरोबर त्यांचे यजमानही होते, आणि चर्चा, बैठका, चिंता हे सगळं यजमानच करत होते. माझे यजमान घरी राहिले. टँकरच्या पाळीला कुणीतरी हवं होतं. त्यामुळं माझ्या वतीनं चिंता करायला कुणी नाही म्हणून मला दोनतीन परक्या यजमानांनी सल्ले दिले.

खाणं उत्तम. सकाळी पोहे, दुपारी चिलापी माशाचं कालवण, रात्री मटण. समोर एवढं अथांग पाणी की बघून माझं डोकं फिरायचं. मोटारी लावून दिवसरात्र पाणी उपसत होते, काठाला ऊस आणि केळी माजली होती, आणि माझ्या घरी माझा नवरा टँकरची वाट बघत बसला होता. मी एकदा हे जेवताना बोलून दाखवलं. एक यजमान म्हणाले, "ताई, इथं राजकारण नको."

मतदान कसं करायचं याचं शिक्षण रोज चाले. ही निवडणूक बटण दाबायची नव्हती. कागदी मतपत्रिका, तिच्यावर उमेदवारांची नावं, आणि नावापुढं आपली पसंती आकड्यात लिहायची: पहिल्या पसंतीला एक, दुसऱ्या पसंतीला दोन. तिथं मिळणाऱ्या जांभळ्या पेनानंच लिहायचं. बरोबरची खूण नको, सही नको, दुसरं काही नको. एका निवृत्त नायब तहसीलदारांना शिकवायला आणलं होतं. त्यांनी सरावासाठी उमेदवारांच्या जागी फळांची नावं घातली, म्हणजे वाद नको. डाळिंब, केळी, बोर. "आपला उमेदवार डाळिंब. डाळिंबाला एक," ते म्हणत. सगळ्यांनी डाळिंबाला एक लिहिलं. दुसऱ्या दिवशी पुन्हा लिहिलं. एकही चूक नाही. नायब तहसीलदार म्हणाले, इतके हुशार मतदार त्यांनी पाहिले नाहीत.

आता जेवणाची गोष्ट. पंगत बसायच्या आधी एक ताट वाढून वेगळं ठेवलं जायचं. पहिल्या दिवशी मला वाटलं, देवाचा नैवेद्य असेल. माझ्या खोलीत जिल्हा परिषदेच्या एक सदस्या होत्या, माळशिरसकडं माहेर असलेल्या, तोंडानं गोड आणि घोरणाऱ्या. मी त्यांना विचारलं.

त्या म्हणाल्या, "थोरल्या गादीचं ताट हाय त्ये."

"अहो, पण थोरल्यांना पाडायला आपण इथं आलोय ना?"

"व्हय की. पाडायचंच हाय. पण पैलं ताट त्यांचंच."

मी इतकी हसले की ठसका लागला. धाकटे सरकार समोरच बसले होते. तेही त्या ताटाला हात जोडून मगच जेवायला बसले. ज्याला पाडायचं त्याच्या नावानं मटणाचं ताट काढणारी आघाडी मी आयुष्यात पहिल्यांदाच बघत होते. मला त्यात फक्त गंमत दिसली. नायब तहसीलदारांनाही त्यात काही वावगं दिसलं नाही, ते आमच्याच भागातले होते.

मतदानाच्या दिवशी बस थेट तहसील कचेरीपाशी आणून उभी केली. आत जाण्याआधी धाकट्यांच्या माणसानं प्रत्येकाला भंडारा लावला आणि शपथ घ्यायला लावली. सगळ्यांनी मनापासून घेतली. मी माझ्या पद्धतीनं घेतली, म्हणजे शब्द दिलाय, पाळीन, असं म्हटलं. आत गेले, जांभळं पेन घेतलं, धाकट्यांच्या नावापुढं एक लिहिला, इतर जागा कोऱ्या ठेवल्या आणि बाहेर आले. मला वाटलं, झालं, पाइपाच्या तोंडावरची पिशवी सुटली.

मोजणी सोलापुरात झाली. शपथा आणि मटण मोजलं तर धाकटे आरामात निवडून यायला हवे होते. निकाल लागला तो थोरल्यांच्या बाजूनं, पहिल्याच फेरीत. दुसऱ्या पसंतीची मतं उघडायची वेळच आली नाही. धाकट्यांचा प्रतिनिधी मोजणीच्या टेबलाशी होता. त्यानं बाहेर येऊन सांगितलं की एक मोठा गठ्ठा असा निघाला, ज्यावर थोरल्यांपुढं एक आणि धाकट्यांपुढं दोन. गद्दारी झाली, विकले गेले, अशी कुजबुज सुरू झाली. मीही तेच धरून चालले होते.

माझ्या खोलीतल्या त्या सदस्या तिथंच आवारात शेंगा खात उभ्या होत्या. चेहऱ्यावर काही अपराधी भाव नाही. मी सरळ विचारलं, "तुम्ही कुणाला दिलं?"

"धाकट्यांनाच की. शपथ घेतलीया न्हवं."

"एक कुणापुढं लिहिला?"

"एक थोरल्यांपुढं. मग दोन धाकट्यांपुढं. मत धाकट्यांचंच, पन पैला नंबर थोरल्यांचा हाय, त्यो काय आपल्या हातात हाय व्हय?" त्यांनी मलाही शेंगा दिल्या. "धाकट्यांपुढं एक लिहून वर थोरल्यांना दोन लिहायचा म्हंजी काय शोभतंय का?"

मी आणखी चारपाच जणांना गाठलं. सगळे इमानदार. कुणीही फुटलं नव्हतं. जुन्या जहागिरीतल्या प्रत्येकानं शपथ पाळली होती आणि मानाचा क्रमही पाळला होता. डाळिंब आणि केळी असती तर बरोबर लिहिलं असतं, कारण डाळिंब आणि केळीत थोरलं कोण हे कुणी ठरवून ठेवलेलं नाही. माझं डोकं इतकं तापलं की मी शेंगा परत दिल्या.

धाकटे सरकार गाडीपाशी उभे होते, अगदी शांत. ते स्वतः जिल्हा परिषदेचे सदस्य, म्हणजे मतदार. मी त्यांना म्हटलं, "सरकार, तुमच्याच माणसांनी तुम्हाला दोन नंबर दिला."

ते म्हणाले, "द्यायलाच हवा. आम्ही तरी आमच्या हातानं आमच्या नावापुढं एक कसा लिहिणार, बाई? थोरले उभे होते ना."

लोकशाही शिकवण्यात माझी उमेदीची वर्षं गेली आणि एका उमेदवारानं स्वतःलाच मत दिलं नव्हतं, अदबीपोटी. वर ते विजयाच्या मिरवणुकीत गेले, थोरल्यांना मुजरा केला आणि गुलाल लावून घेतला. जागा घराण्यातच राहिली होती, त्यामुळं त्यांच्या दृष्टीनं हरलं कुणीच नव्हतं.

हरली होती आमची वस्ती. मी चार दिवसांनी धाकट्यांकडं गेले. म्हटलं, निवडणूक गेली तर गेली, निदान तुमची सही तरी द्या. ते म्हणाले, "आनंदानं. थोरल्यांची झाली की त्याखाली आमची लगेच." मग माझ्या लक्षात आलं की हे गृहस्थ निवडून आले असते तरी थोरल्यांच्या आधी सही करू शकलेच नसते. दिलेला शब्द खरा होता, फक्त तो पाळण्याची परवानगी त्यांना नव्हती. घरी आले तेव्हा आक्कानं विचारलं, "काय म्हन्ले?" मी सांगितलं. ती म्हणाली, "मंग आता मोठ्याकडं जावा." त्या आठवड्यात तिनं यंदाचं पहिलं शेरडू विकलं.

थोरल्या सरकारांना भेटणं म्हणजे विधी असतो. बंगल्याच्या दिवाणखान्यात ते सोफ्यावर बसतात, बाजूला त्यांचे स्वीय सहायक उभे असतात. त्यांना सगळे दिवाणजी म्हणतात, तेही ओ देतात. सरकारांशी थेट बोलायचं नाही. आपण दिवाणजींना सांगायचं, दिवाणजी सरकारांना सांगणार, आणि सरकार सगळं ऐकत तिथंच बसलेले असतात. आणि बोलताना 'तुम्ही' हा शब्द वापरायचा नाही. तक्रार असेल तर ती कुणा तिऱ्हाइताची म्हणून मांडायची, सरकार समजून घेतात. हे सगळं मला दारातच एका शिपायानं शिकवलं. मी एवढी वर्षं मुलांना सरळ उभं राहून स्पष्ट बोलायला शिकवलं आणि त्या दिवशी पाणी हवं म्हणून दिवाणजींकडं बघून पुटपुटले.

मी म्हणाले, "दिवाणजी, माळावरच्या वस्तीला पाणी नाही. पाइप एका बागेच्या बांधापर्यंत आलाय. बागेचा मालक वाट देत नाही."

मला वाटलं, कळेल. दिवाणखान्यातल्या सगळ्यांना कळलं. तीसेक माणसं होती, सगळ्यांनी एकदम जमिनीकडं बघितलं.

सरकारांना मात्र खराखुरा राग आला. ते सरळ बसले. "कोण आहे हा मालक?"

दिवाणजी हातातले कागद सारखे करू लागले. सरकारांनी पुन्हा विचारलं, "गोरगरिबांचं पाणी अडवतो? कोण आहे तो?"

दिवाणजी म्हणाले, "चौकशी करतो, सरकार."

तेव्हा माझ्या ध्यानात आलं की या माणसाला खरंच माहीत नाही. बाग कधी पाहिली असेल लहानपणी. बागेचा व्यवहार कोण बघतो, डाळिंबं कुठं जातात, हे त्यांच्या कानावर कधी घातलं जात नसणार, कारण सरकारांना त्रास द्यायचा नाही. सरकार मला म्हणाले, म्हणजे दिवाणजींना म्हणाले, "बाईंना सांगा, हा प्रश्न आम्ही वर मांडणार." मी नमस्कार केला आणि बाहेर आले. मला हसू येत होतं आणि हसल्याची लाजही वाटत होती, कारण घरी आक्का वाट बघत होती.

आणि त्यांनी मांडला. अधिवेशनात सरकार उठून उभे राहिले आणि दिवाणजींनी लिहून दिलेलं खणखणीत आवाजात वाचलं. त्याची चित्रफीत त्यांच्याच कार्यालयानं गावभर मोबाइलवर पाठवली, खाली तुतारीचं चित्र आणि 'वाघाची गर्जना' असं लिहून. मी ती बघितली, आणि पुन्हा बघितली. सरकार म्हणत होते: "माझ्या मतदारसंघात एक धनदांडगा जमीनमालक माळावरच्या गरीब वस्तीचं पाणी अडवून बसला आहे. शासन त्याच्यावर कारवाई का करत नाही? त्याला कुणाचं अभय आहे?" बाकं वाजली. मंत्री उठले, भावना तीव्र आहेत हे मान्य केलं आणि सांगितलं की संबंधित जमीनमालकाला तातडीनं नोटीस देण्याच्या सूचना दिल्या जातील. सरकार समाधानानं बसले.

एवढ्या वर्षांत वरच्या सभागृहाचा उपयोग मला प्रथमच दिसला. दुसऱ्याच दिवशी मी ती फीत घेऊन नगरपरिषदेच्या सभेत गेले. म्हटलं, "सरकारांनी वर मागणी केली आहे. आपण तिला पाठिंबा द्यायचा की नाही?" समोर सगळे तेच, डाळिंबाला बिनचूक एक लिहिणारे. सगळ्यांना माहीत होतं की नोटीस कुणाला जाणार. पण सरकारांच्या मागणीला विरोध करायची कुणाची छाती? अध्यक्षबाईंनी आपल्या यजमानांकडं बघितलं, यजमानांनी छताकडं बघितलं, आणि ठराव एकमतानं मंजूर झाला. मुख्याधिकाऱ्यांनी रुमालानं मान पुसली आणि नोटीस काढली.

नोटीस बंगल्यावर गेली. तिचं काय झालं हे मला नंतर कळलं. दिवाणजींनी ती सरकारांना दाखवलीच नाही, नुसता संमतीचा कागद इतर कागदांत घालून पुढं ठेवला, आणि सरकारांनी सही केली. ते नेहमीच अशी न वाचता सही करतात. खाली लगेच धाकट्यांची झाली. इतकं सोपं होतं ते. पाऊस संपला, हिवाळा गेला, पुढचा उन्हाळा निम्मा सरला आणि मग कुठं पाइप बागेतून निघून माळावर आला. हा सगळा काळ आक्का मोजत होती, शेरडांच्या हिशेबात. शेवटचं शेरडू ती बाजारात घेऊन गेली त्या रविवारी मी तिच्याबरोबर गेले होते. येताना बसमध्ये तिनं रिकामं दावं हातात गुंडाळून धरलं होतं.

नळाच्या उद्घाटनाला अर्थातच सरकार आले. मांडव, सनई, फेटे. सरकारांनी फीत कापली, तोटी फिरवली, पाणी आलं, टाळ्या झाल्या. मग भाषण. "एक मस्तवाल जमीनमालक तुमचं पाणी अडवून बसला होता," ते म्हणाले, "पण आम्ही त्याला वठणीवर आणला." मांडवात सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. धाकट्यांनीही वाजवल्या. मीही वाजवल्या, कारण पाणी वाहत होतं आणि मला ते बंद व्हायला नको होतं.

फोटोसाठी पहिली घागर भरायला आक्काला पुढं केलं. घागर भरली. सरकार आज खूश होते, त्यांनी दिवाणजींना बाजूला करून स्वतः विचारलं, "काय मावशी, आता समाधान झालं ना?"

आक्का म्हणाली, "व्हय सरकार. पर त्यो मालक आदी वठणीवर आला असता तर माजी शेरडं वाचली असती. समदी इकली मी पाण्यापायी."

दिवाणजी घाईनं पुढं सरसावले. सरकारांनी मात्र हळहळून मान हलवली. "खरं आहे," ते म्हणाले. "फार नीच माणसं असतात ही. असल्यांना सोडता कामा नये."

आक्कानं घागर डोक्यावर घेतली आणि आम्ही घराकडं निघालो. मांडवाच्या बाहेर आल्यावर ती थांबली. "बाई, मी येवडा जीव मुठीत घिऊन तोंडावर बोलले. त्येला कळलंच न्हाई व्हय?"

"नाही कळलं," मी म्हणाले.

"सोंग करतोय का?"

"नाही गं. खरंच माहीत नाही त्याला."

तिनं घागर उतरवून माझ्या पायाशी ठेवली आणि माघारी वळली. मी तिच्यामागं गेले. सरकार गाडीत बसायच्या बेतात होते, दार उघडं होतं. दिवाणजी आडवे आले, आक्का त्यांना वळसा घालून पुढं झाली. कुणा तिऱ्हाइताचा आडोसा न घेता ती सरळ त्यांच्या डोळ्यांत बघून बोलली.

"ती बाग तुमची हाय, सरकार. त्यो मालक तुमीच. माजी शेरडं तुमच्यापायी गेली."

एवढं बोलून ती परत आली, घागर उचलली आणि आम्ही घरी गेलो.